अग्लायकोन: त्यातला ‘अ’ नेमका कुठला?

वनस्पतींमधल्या रंगद्रव्यांविषयी वाचताना एका जिज्ञासूला हे वाक्य अडलं: ‘क्वर्सेटिन हे रुटिनचे अग्लायकोन आहे.’ अग्लायकोनचा अर्थ शोधला तर ‘शर्कराहीन’ असा मिळाला. त्यावर त्यांचा प्रश्न असा, की क्वर्सेटिनमध्ये साखर नाही एवढंच सांगायचं असेल तर ‘रुटिनचे’ कशाला? आणि साखर नसलेल्या कोणत्याही पदार्थाला अग्लायकोन म्हटलं तर चालेल का?

चालणार नाही. पाण्यात साखर नाही, मिठात नाही, लोखंडात तर नाहीच. पण यांतल्या कशालाही रसायनशास्त्रात कुणी अग्लायकोन म्हणत नाही. घोटाळा ‘शर्कराहीन’ या प्रतिशब्दाने केला आहे.

आधी शब्दाची फोड करू. ग्रीकमध्ये ‘ग्लुकुस’ म्हणजे गोड. ग्लुकोज, ग्लायकोजेन, ग्लिसरीन ही सगळी त्याच गोतावळ्यातली मंडळी. पुढे लागलेला ‘अ’ नकाराचा, आणि तो आपल्या ‘अ’चा सख्खा भाऊ आहे. इतका सख्खा, की स्वरापुढे आपला ‘अ’ जसा ‘अन्’ होतो (अनंत, अनादी), तसाच ग्रीकही होतो. ‘ॲनार्की’मधला ‘न’ तिथूनच आला. म्हणून हा शब्द मी ‘ॲग्लायकोन’ असा न लिहिता ‘अग्लायकोन’ लिहितो. ‘ॲ’ केला की हे नातं झाकलं जातं, आणि मराठी वाचकाला फुकटात मिळणारा अर्थ हातचा जातो.

पण नकाराचा ‘अ’ एकच एक नसतो. संस्कृत वैयाकरणांनी त्याचे सहा अर्थ मोजले आहेत. त्यांतले आपल्या कामाचे दोन: अभाव आणि तदन्यत्व, म्हणजे ‘ते नसणं’ आणि ‘त्याहून वेगळं असणं’. ‘अभय’ म्हणजे भयाचा अभाव. ‘अमराठी’ म्हणजे मात्र मराठीचा अभाव नव्हे. मराठीहून वेगळी भाषा असलेला. समोरच्या टेबलाला मराठी येत नाही म्हणून आपण त्याला अमराठी म्हणत नाही. मराठी आणि इतर अशी विभागणी जिथे आधीच गृहीत असते, तिथेच तो शब्द उमटतो.

अग्लायकोनमधला ‘अ’ हा ‘अमराठी’तला ‘अ’ आहे, ‘अभय’मधला नाही. आधी एक जोड-रेणू गृहीत धरलेला असतो. त्याचा एक भाग साखर, आणि साखरेहून वेगळा जो दुसरा भाग, तो अग्लायकोन. त्या अख्ख्या जोडीला म्हणायचं ग्लायकोसाइड, आणि साखरेच्या भागाला ग्लायकोन. म्हणून ‘कुणाचं?’ हा प्रश्न या शब्दाला कायमचा चिकटलेला आहे. ‘माहेर’सारखंच हे. घर कुणाचंही असो, ते घरच असतं. माहेर व्हायला मात्र कुणीतरी सासरी गेलेली लागते. मूळ वाक्यातलं ‘रुटिनचे’ म्हणूनच फालतू नाही. ते काढलं तर वाक्य लंगडं होईल.

आता हाच रुटिनचा रेणू जरा जवळून पाहू. रुटिन हे नाव सताप या झाडाच्या ‘रुटा’ या शास्त्रीय नावावरून आलं, क्वर्सेटिन हे ओकच्या ‘क्वर्कस’वरून. रुटिनचं रेणुभार साधारण 610. ते पूर्ण फोडलं की तीन तुकडे मिळतात: क्वर्सेटिन 302, ग्लुकोज 180 आणि ऱ्हॅम्नोज नावाची दुसरी एक साखर 164. बेरीज करा: 646. म्हणजे 36 जास्त! हे 36 आले कुठून? दोन पाण्याचे रेणू, प्रत्येकी 18. दोन ठिकाणचे सांधे तोडायला दोन पाणी खर्ची पडलं. उलट, हे सांधे जुळले तेव्हा तेवढंच पाणी बाहेर गेलं होतं. क्वर्सेटिनच्या तिसऱ्या जागेवर ऑक्सिजन-हायड्रोजनची जोडी असते. साखर जोडली जाताना त्यातला हायड्रोजन निघून जातो आणि उरलेल्या ऑक्सिजनला साखर लागते.

मला हे वाचताना दरवेळी सामान्यरूप आठवतं. ‘फूल’ला ‘ला’ लावायचा तर ‘फूलला’ होत नाही, ‘फुलाला’ होतं. शब्द प्रत्ययासाठी थोडा वाकतो. ‘फुलाला’मधून ‘ला’ काढला तर हातात ‘फुला’ उरतं, आणि ‘फूल’ हवं असेल तर दुरुस्ती करावी लागते. साखर जोडलेलं क्वर्सेटिन हे तसं सामान्यरूपात असतं. साखर सुटते तेव्हा पाण्यातला हायड्रोजन त्याला परत मिळतो आणि मूळ शब्द पुन्हा उभा राहतो. आणि ‘फुलाला’ या शब्दात मूळ शब्द कोणता, असं विचारलं तर आपण ‘फूल’ असंच सांगतो, ‘फुला’ असं नाही. रसायनशास्त्रज्ञही नेमकं तेच करतात: रुटिनमध्ये बांधलेल्या अवस्थेतल्या भागालाही ते क्वर्सेटिनच म्हणतात.

यामुळे ‘साखर काढून उरलेलं ते अग्लायकोन’ ही व्याख्याही थोडी अपुरी पडते. हा शब्द तीन अवस्थांना वापरलेला दिसेल: साखरेला अजून बांधलेला भाग, सुटून मोकळा झालेला पदार्थ, आणि साखर लागायच्या आधीचा पदार्थ. वनस्पती आधी क्वर्सेटिन तयार करते, मग त्यावर ग्लुकोज बसवते, मग ग्लुकोजवर ऱ्हॅम्नोज. तिच्या पेशीत अग्लायकोन आधी असतं, साखर नंतर येते. काही जोड्यांत तर साखर कार्बनलाच थेट जोडलेली असते आणि साध्या आम्लाने ती सुटत नाही. निर्गुंडी ज्या प्रजातीत मोडते त्या ‘व्हायटेक्स’वरून नाव पडलेलं व्हायटेक्सिन हे अशांपैकी एक. तरी त्याचं अग्लायकोन एपिजेनिन असं बिनदिक्कत लिहिलं जातं. तुकडा प्रत्यक्ष सुटलाच पाहिजे अशी अट नाही. विग्रह कागदावर झाला तरी पुरतो.

उलट बाजूची चूकही होते: शेवटी जे हाती लागलं तेच अग्लायकोन, असं समजण्याची. नीळ घ्या. नीळीची पानं पाण्यात भिजत ठेवली तर पाणी निळं होत नाही, पिवळसर हिरवं होतं. पानात इंडिकन नावाचं रंगहीन ग्लायकोसाइड असतं. त्यातलं ग्लुकोज विकरांमुळे (एन्झाइममुळे) सुटतं आणि इंडॉक्सिल उरतं. मग ते पाणी जोरजोरात घुसळतात, त्यात हवा शिरते, इंडॉक्सिलचे दोन-दोन रेणू जोडले जाऊन निळा रंग तयार होतो आणि पाण्यात विरघळत नसल्याने खाली बसतो. यात इंडिकनचं अग्लायकोन कोण? इंडॉक्सिल. निळा रंग हा अग्लायकोनपासून पुढे झालेला पदार्थ. कडू बदामातल्या ॲमिग्डॅलिनचंही तसंच. लीबिग आणि वोलर या रसायनशास्त्रज्ञांनी 1837 मध्ये दाखवलं की बदामातल्याच विकराने ते फुटून साखर, कडू बदामाचं तेल आणि हायड्रोसायनिक आम्ल देतं. पण मधला अग्लायकोन आहे मँडेलोनायट्राइल. तो टिकत नाही, लगेच फुटून बेंझाल्डिहाइड (तेच ते तेल) आणि ते विषारी आम्ल होतात.

‘ग्लुकुस’ म्हणजे गोड, यावरून चव मात्र ठरवू नये. ॲमिग्डॅलिन कडू, विलोच्या सालीतलं सॅलिसिन कडू, दोन्हींत साखर आहे. ग्रेपफ्रूटमधलं नॅरिंजिन तर फारच मासलेवाईक: साखर जोडलेली असताना कडू, एक साखर काढली की कडवटपणा बराच उतरतो, दुसरीही काढली की उरलेल्या नॅरिंजेनिनला चवच नाही. साखर काढून कडूपणा घालवायचा, असा उफराटा प्रकार.

या ‘नॅरिंजेनिन’च्या शेवटी जे ‘जेनिन’ आहे तो अग्लायकोनचा समानार्थी शब्दच समजा. जुन्या लिखाणात नुसतं ‘जेनिन’ असंही सापडतं. सॅपोनिनचं सॅपोजेनिन, डिजिटॉक्सिनचं डिजिटॉक्सिजेनिन. यातला ‘जेन’ म्हणजे उत्पन्न करणारा, आपल्या ‘जन्’ धातूचाच नातलग. पण या शेपटीवर डोळे मिटून विश्वास टाकू नका. जेनिस्टिन आणि जेनिस्टाइन या जोडीतलं ‘जेन’ ‘जेनिस्टा’ या झुडपाच्या नावातलं आहे, त्याचा जननाशी संबंध नाही. त्यातलं अग्लायकोन आहे जेनिस्टाइन. सायनिडिन हे अग्लायकोन, पण तसाच शेवट असलेलं हेस्पेरिडिन हे ग्लायकोसाइड. (सायनिडिनमधलं ‘सायन’ निळ्या रंगाचं आहे, विषाचं नाही, घाबरू नये.) आणि सगळ्यांत वाईट जोडी आपल्या मूळ प्रश्नाच्याच घरात आहे: क्वर्सेटिन आणि क्वर्सिट्रिन. पहिलं अग्लायकोन, दुसरं त्याचंच ऱ्हॅम्नोज लागलेलं ग्लायकोसाइड. छपाईत ‘से’चा ‘सि’ झाला आणि एक ‘र’ चुकून शिरला की साखर शिरली.

मराठी प्रतिशब्दच हवा असेल तर ‘शर्कराहीन’ टाकून द्यावा आणि ‘शर्करेतर भाग’ म्हणावं, असं माझं मत. ‘हीन’ काहीतरी उणं असल्याचं सांगतो. ‘इतर’ म्हटलं की कशाहून इतर, हा प्रश्न लगेच उभा राहतो, आणि तोच आपल्याला हवा आहे. सलग मजकुरात मात्र मी अग्लायकोनच ठेवीन, कारण पुढे हिशेबाची वाक्यं येतात तिथे ‘शर्करेतर भाग म्हणून’ फार जड होतं. ‘100 मिलिग्रॅम रुटिन, अग्लायकोनच्या रूपात मोजल्यास सुमारे 49.5 मिलिग्रॅम’ असं वाक्य भेटलं तर गोंधळू नका: 302 भागिले 610, एवढंच त्यात आहे.

लिंग नपुंसक: ते अग्लायकोन, ती अग्लायकोनं. वर मँडेलोनायट्राइलच्या बाबतीत माझ्याकडून ‘मधला अग्लायकोन’ आणि ‘तो’ असं लिहून गेलंय. तिथे ‘मधलं’ आणि ‘ते’ वाचावं.