नोकरी सोडू का, आणि पात्र नक्की कुणाचं?

या वेळी बरीच पत्रं स्केच कॉमेडी, म्हणजे छोटे विनोदी व्हिडिओ, करणाऱ्या मुलामुलींची आणि त्यांच्या घरच्यांची आलीत, त्यातली तीन घेतेय.

प्रश्न : ताई नमस्कार, मी २७ वर्षांचा, हिंजवडीत आयटीत आहे, वाकडला दोन मित्रांसोबत फ्लॅटवर राहतो. दोन वर्षं यूट्यूबवर स्केच टाकतोय, लिहितो मीच, एडिटपण मीच, मित्र अ‍ॅक्टिंग करतात. ११ हजार सबस्क्रायबर झालेत, फ्लॅटच्या मालकीणबाईंवरचा एक व्हिडिओ चांगलाच चालला. ऑफिसमुळे महिन्याला एकच होतो, गेल्या महिन्यात त्याचे ३ हजार २०० रुपये दिसले. नोकरी सोडली तर आठवड्याला दोन होतील, म्हणजे महिन्याला २५ हजारांच्या पुढे. सोडू का?
– एक वाचक, वाकड

उत्तर : आत्ता नको सोडूस रे. आठपट व्हिडिओ टाकले की आठपट पैसे असं होत नाही, तुझा एक चालला म्हणून तो आकडा आलाय आणि पुढचे सात तसेच चालतील हे कुणीच सांगू शकत नाही. यूट्यूबचं आधी उरकते. १ हजार सबस्क्रायबर आणि १२ महिन्यांत ४ हजार तास वॉच टाइम झाला की जाहिरातींचे पैसे सुरू होतात हे तू पार केलंयस, मोठ्या व्हिडिओवरच्या जाहिरातीचे ५५ टक्के आपल्याला मिळतात, शॉर्ट्सच्या वाट्यातले ४५, आणि १०० डॉलर साठल्याशिवाय खात्यात काही येत नाही, म्हणजे या वेगाने तुला दर तीनेक महिन्यांनी एकदा पैसे दिसणार. आणि यूट्यूब अमेरिकन कंपनी म्हणून तिकडच्या टॅक्सचा डब्ल्यू-८बेन फॉर्म असतो, तो भरलायस का? नसेल तर आज रात्री भर. तो न भरणाऱ्यांच्या सगळ्या जगातल्या कमाईवर २४ टक्क्यांपर्यंत टॅक्स कापू शकतात, भरला की फक्त अमेरिकेतल्या प्रेक्षकांच्या भागावर १५ टक्के, आणि आपले निम्मे नातेवाईक तिकडे असले तरी तो भाग छोटाच असतो.

मी सात वर्षं हेच करतेय आणि माझं घरभाडं जाहिरातींच्या पैशातून एकदाही निघालेलं नाहीये. ते निघतं ब्रँडसाठी लिहिलेल्या स्केचमधून, दुसऱ्यांना डायलॉग लिहून देण्यातून आणि स्टेजवरच्या शोमधून, चॅनेल बघून लोक फोन करतात एवढंच त्याचं काम. त्यामुळे तू सबस्क्रायबर मोजू नकोस, आपणहून कामासाठी किती फोन आले ते मोज. वर्षभरात असे चारपाच झाले आणि बँकेत निदान आठ महिन्यांचा खर्च पडून असला की मग मला परत लिही, मी वेगळं उत्तर देईन.

पण मला खरं बोलायचंय ते तुझ्या लिखाणाबद्दल, कारण तुझे तीन व्हिडिओ मी नीट बसून बघितले. मालकीणबाई भारीच आहेत. टँकरचं पाणी आहे म्हणून त्या अंघोळीचे मग मोजायला लागतात तिथे मी मोठ्याने हसले, वाकड-हिंजवडीत राहिलेल्या प्रत्येकाला ते कळतं. मग दीड मिनिटाला तू पाणी सोडून डिपॉझिटवर गेलास, तिथून गर्लफ्रेंडवर, आणि माझं लक्ष उडालं. स्केचमध्ये एकच खोड असते आणि तीच चढवत न्यायची असते. बाईंनी आधी पाण्याचे मग मोजले, मग बाथरूमबाहेर घड्याळ घेऊन उभ्या राहिल्या, मग मुलांच्या शर्टाचा वास घेऊन अंघोळ झाली का नाही ते ठरवायला लागल्या, मग खुद्द टँकरवाला आला आणि तोच त्यांना घाबरून बिनपैशाचं पाणी सोडून गेला, असं चढत चढत. डिपॉझिट हा वेगळा व्हिडिओ आहे, तो ठेव की पुढच्या महिन्याला. यूट्यूबच्या स्टुडिओ अ‍ॅपमध्ये जाऊन रिटेन्शनचा ग्राफ बघ, लोक कुठे सोडून गेले ते सेकंदासकट दिसतं, माझी पैज आहे दीड मिनिटाला घसरलेला असणार.

आणि तालीम. आपल्या पुण्यात पोरं १९६३ पासून पुरुषोत्तम करंडक ही कॉलेजांची एकांकिका स्पर्धा करतायत, भरत नाट्य मंदिरात होणाऱ्या एका एकांकिकेसाठी दोन-दोन महिने कॉलेजच्या पार्किंगमध्ये घसा फोडतात, मीही फोडलाय, आणि तीच पोरं पुढे स्केच करायला लागली की दुपारी लिहून संध्याकाळी शूट करतात, हे मला अजिबात पटत नाही. स्क्रिप्ट झाली की मित्रांना वाचून दाखव, मोबाईल बाजूला ठेवायला सांगू नकोस, कोणत्या वाक्याला त्यांचा हात मोबाईलकडे जातो ते बघ आणि ते वाक्य काप. हे नोकरी सांभाळून होतं.

प्रश्न : ताई, मी कर्वेनगरला राहते, वय २४. माझ्या व्हिडिओत आत्या, सोसायटीचे वॉचमनकाका, कॉलेजची मुलगी सगळी पात्रं मीच करते, त्यात आत्या सगळ्यात फेमस झाली. एका कंपनीने आत्याच्या सहा स्केचसाठी ४० हजार देऊ म्हटलंय, पण कागदावर लिहिलंय की स्क्रिप्ट आणि पात्र यांचे सर्व हक्क कायमस्वरूपी, जगभर, सर्व माध्यमांत त्यांचे. बाबा म्हणतात सही कर, असं सगळीकडेच असतं. करू का?
– एक वाचक, कर्वेनगर

उत्तर : या कागदावर नको गं करूस. बाबांना वाईट वाटायला नको, असा कागद खरंच सगळीकडे असतो, पण तो बदलून मागता येतो हे कुणी सांगत नाही. तू लिहिलेली स्क्रिप्ट लिहिल्या क्षणापासून तुझी आहे, त्याला रजिस्ट्रेशन लागत नाही. "भोचक आत्या" ही नुसती कल्पना कुणाचीच नसते, उद्या दुसरी मुलगी तिची आत्या करू शकते, पण तुझ्या आत्याचे डायलॉग तुझे आहेत. १९५७ च्या कॉपीराइट कायद्यात असंय की हक्क लेखी आणि सहीनिशीच देता येतात, कागदात मुदत लिहिली नसेल तर ती ५ वर्षं धरतात आणि प्रदेश लिहिला नसेल तर फक्त भारत. म्हणूनच त्यांनी "कायमस्वरूपी, जगभर" हे शब्द मुद्दाम घातलेत.

मी पहिल्याच वर्षी अशी सही केली होती. माझी एक भाजीवाली मावशी होती, मंडईत जाऊन जाऊन तिची बोली कानात बसवलेली, आणि ती मी ३० हजारांना देऊन टाकली. कंपनीने चार व्हिडिओ केले आणि विषय सोडून दिला, पण पुढे मला स्टेज शोमध्ये ती करायची होती तेव्हा त्यांनी नाही म्हटलं. अजून प्रेक्षकांतून कुणीतरी विचारतं मावशी कुठेय आणि मला फार वाईट वाटतं.

तू असं सांग, हे सहा व्हिडिओ वापरायचा हक्क ३ वर्षांसाठी तुमचा, आत्या माझी, बाहेर कुठेही मी ती करणार. अर्धे पैसे शूटच्या आधी माग. टीडीएस, म्हणजे पैसे देतानाच कापलेला टॅक्स, कापणार असतील तर नंतर तो टॅक्स खात्याच्या साइटवर तुझ्या नावावर दिसतोय का ते बघ, रिटर्न भरलंस की जास्तीचा परत मिळतो. व्हिडिओत कुणाची जाहिरात असेल तर जाहिरात आहे असं स्पष्ट लिहायला लागतं, जाहिरातींवर लक्ष ठेवणाऱ्या एएससीआय या संस्थेची २०२१ पासून तशी नियमावली आहे, तेही कागदात घाल. सही करायच्या आधी एकदा वकिलाला दाखव, त्याची फी सहा स्केचपुढे काहीच नाही. आणि ते नाही म्हणाले तर जाऊ देत, ४० हजार परत मिळवता येतील.

प्रश्न : माझा मुलगा २२ वर्षांचा, बीए झाला, दिवसभर घरात व्हिडिओ करत असतो. नातेवाईक विचारतात काय करतो, तर मला सांगता येत नाही. हे काम आहे का?
– एक आई, निगडी

उत्तर : काकू, नमस्कार. आहे. तमाशात गवळणीनंतर बतावणी व्हायची, दोघंतिघं येऊन हजरजबाबी बोलून हसवायचे आणि त्यावर त्यांची पोटं चालायची, तुमचा मुलगा तेच मोबाईलसमोर करतोय. २०१६ ला भाडिपा हे मराठी यूट्यूब चॅनेल सुरू झालं आणि मराठीतही यावर टीम उभी राहते हे आपण सगळ्यांनी बघितलं. नातेवाईकांना सांगा, लेखक आहे, स्वतःचं लिहून स्वतः सादर करतो. फक्त त्याच्याशी मुदत ठरवा, दीड वर्ष म्हणा, आणि त्या काळात घरखर्चाला थोडे तरी पैसे द्यायला लावा, ट्यूशन घेऊन दिले तरी चालतील.

त्याची स्क्रिप्ट एकदा ऐका, तो लाजेल पण वाचेल. आणि कुकर लावायच्या आधी त्याला विचारत जा, शिटी आवाजात शिरली की अख्खा टेक परत घ्यावा लागतो.