मिशरीचं थेट विचार

प्रिय मुली,

आता तू वस्तीत गरोदर बायकांच्या घरभेटी सुरू करशील. रक्तदाब, लोहाच्या गोळ्या, धनुर्वाताचं इंजेक्शन, हे सगळं प्रशिक्षणात झालंय. मला तंबाखूबद्दल सांगायचंय, कारण घाईच्या भेटीत नेमकं तेच राहून जातं.

"सिगरेट ओढता का?" असं विचारलंस तर लालबागच्या चाळीत काय आणि गोवंडीच्या गल्लीत काय, बहुतेक बायका नाही म्हणतील, आणि ते खरंच असेल. पण मोरीच्या फळीवर छोटी डबी असते. तंबाखू तव्यावर काळी होईपर्यंत भाजून कुटलेली मिशरी. सकाळी उठल्यावर, जेवण झाल्यावर, दुपारी जरा टेकल्यावर बोट हिरडीवर फिरतं. तिच्या लेखी ते दात घासणं असतं. म्हणून थेट विचार, "ताई, मिशरी लावता का? दिवसातून कितीदा?" आणि ती एकटी असताना विचार. कित्येक घरांत सासूनेच सांगितलेलं असतं की मिशरीने मळमळ थांबते, पोट साफ होतं.

धूर नाही म्हणून धोका नाही, असं समजू नकोस. निकोटीन हिरडीतून रक्तात जातं, रक्तवाहिन्या आकसतात, वारेकडे, म्हणजे जिच्यातून बाळाचं पोषण होतं तिच्याकडे, जाणारं रक्त कमी होतं आणि तेच निकोटीन बाळापर्यंतही पोचतं. हे आपल्या शहरातच तपासलं गेलंय. प्रकाश गुप्ता आणि श्रीविद्या सुब्रमणी यांनी मुंबईतल्या १,२१७ गरोदर बायकांचा पाठपुरावा केला. २००४ साली तो अभ्यास प्रसिद्ध झाला. धूरविरहित तंबाखू वापरणाऱ्यांची बाळं सरासरी १०५ ग्रॅमने हलकी भरली, आणि अपुऱ्या दिवसांच्या बाळंतपणांचं प्रमाणही जास्त निघालं. २००६ च्या पुढच्या निष्कर्षांत मृत बाळ जन्मण्याचा धोका सुमारे अडीचपट दिसला. यातल्या तंबाखू वापरणाऱ्या बहुतेक बायका मिशरीवाल्याच होत्या.

"बाळ लहान असलं तर सुटका सोपी," हे तुला हमखास ऐकू येईल. तिथे गप्प बसू नकोस. अडीच किलोच्या आतलं बाळ लवकर गारठतं, नीट ओढून पीत नाही, जंतुसंसर्गाला पटकन बळी पडतं. हे शांतपणे सांग, दम देऊ नकोस. रागावलं की बाई डबी लपवते आणि पुढच्या वेळी आपल्याला दारच उघडत नाही.

नवऱ्याशी वेगळं बोल. दहा बाय दहाच्या खोलीत त्याने ओढलेली विडी तिच्याही छातीत जाते. त्या धुरातला कार्बन मोनॉक्साइड रक्तात प्राणवायूची जागा अडवतो, म्हणजे बाळाच्या वाट्याचा प्राणवायू कमी होतो.

दारूचं तर कुठलंच प्रमाण सुरक्षित नाही. पण रोज भरपूर पिणारी किंवा गर्द (ब्राउन शुगर) घेणारी कुणी आढळली तर "आजपासून बंद" असं सांगून येऊ नकोस. दारू एकदम तोडली तर फिट येऊ शकते, गर्द एकदम तोडलं तर गर्भालाही धोका असतो. तिला सोबत घेऊन केईएम, नायर किंवा शीवच्या रुग्णालयात जा. प्रसूतीच्या डॉक्टरांना खरं सांग, मनोविकार विभागही तिथेच आहे.

मिशरी मात्र घरी सोडता येते. पहिला आठवडा कठीण जातो. डोकं दुखतं, चिडचिड होते, पोट साफ होत नाही. हे आधीच सांगून ठेव, नाहीतर ती तिसऱ्या दिवशी पुन्हा डबी उघडेल. टूथपेस्ट, भरपूर पाणी, पालेभाजी, तलफ आली की बडीशेप. निकोटीनचे च्युइंगगम किंवा पट्ट्या डॉक्टरांना विचारल्याशिवाय नकोत. १८००-११-२३५६ हा तंबाखू सोडवणुकीचा मोफत क्रमांक तिच्या फोनमध्ये तूच टाकून दे. सहावा महिना लागला असेल तरी सोडण्याचा फायदा होतोच, हे ठासून सांग.

आणि बाळंतपण झालं की पान उलटू नकोस. माहेरी गेल्यावर डबी पुन्हा हाती येते आणि निकोटीन दुधातूनही उतरतं. दीड महिन्याच्या लसीला ती बाळ घेऊन येईल, तेव्हा पुन्हा विचार.

तुझी,
मावशी