गावच्या शाळेत पहिली येणारी मुलगी हायस्कूलमध्ये गप्प झाली तर?

"मॅडम, गावच्या शाळेत ती कायम पहिली यायची. इथे पंधरा-सोळाव्या नंबरावर गेलीय आणि घरी तोंडातून शब्द काढत नाही. हुशारी गेली कुठे?"

पाच-सहा छोट्या गावांना मिळून एकच सरकारी हायस्कूल असलं की पहिल्या सत्रात हा प्रश्न घेऊन येणारे पालक हमखास भेटतात. (ओळख पटू नये म्हणून तपशील बदलले आहेत.)

हुशारी कुठेही जात नाही. पाच गावांतले पाच पहिले नंबर एका वर्गात आले, की चौघांना तो सोडावाच लागतो. मूल स्वतःला किती हुशार समजतं हे आजूबाजूच्या मुलांवरही ठरतं, असं हर्बर्ट मार्श आणि जॉन पार्कर या संशोधकांनी १९८४ मध्येच दाखवलं होतं. तेवढ्याच कुवतीचं मूल सरस मुलांत जाऊन बसलं की स्वतःला कमी लेखायला लागतं.

पण या मुलीला नंबराचं फारसं काही वाटत नव्हतं. मी तिला आदला दिवस वहीत लिहून काढायला सांगितला. पहाटे साडेपाचला उठणं, सहा वीसची बस, मग तास. मधल्या सुट्टीपुढे एकच शब्द होता, 'लायब्ररी'.

"काय वाचतेस तिथे?"

"काही नाही. तिथे बसलं की मी एकटी आहे हे कोणाच्या लक्षात येत नाही."

शेवटची घंटा झाली की दहा मिनिटांत परतीची बस. नाटक, विज्ञान मंडळ, धावण्याचा सराव, सगळं त्यानंतर. म्हणजे लांबच्या गावच्या मुलांना हायस्कूलचा निम्मा भाग बंदच. जुन्या शाळेबद्दल विचारलं तर म्हणाली, "तिथे मी नसले तर अडायचं."

रॉजर बार्कर आणि पॉल गम्प या मानसशास्त्रज्ञांना अमेरिकेतल्या कॅन्सस राज्यातल्या हायस्कूलांच्या अभ्यासात हेच आढळलं होतं (१९६४). मोठ्या शाळेत उपक्रम जास्त, पण छोट्या शाळेतल्या मुलांच्या वाट्याला जबाबदारीची कामं जास्त येतात. मुलंच कमी, त्यामुळे प्रत्येकाची गरज लागते. आपली कोणाला गरज नाही हे या मुलीला सलत होतं.

आई शिकवणी लावायच्या विचारात होती. मी नको म्हटलं. या वयात आठ ते दहा तास झोप लागते, आणि झोप येण्याची वेळ आपोआप उशिरावर सरकते. पहाटेच्या बसने ती आधीच तोडलेली. त्यात शिकवणी कुठे बसवणार?

वर्गशिक्षकांशी बोलून शाळेच्या वेळेतच तिला एक काम मिळवून दिलं. मधल्या सुट्टीत लायब्ररीच्या टेबलावर पुस्तकांची देवघेव. दुसऱ्या गावची एक मुलगी तिच्या जोडीला होती. थोड्या दिवसांनी आई सांगायला लागली की घरी त्या मुलीचं नाव सारखं निघतं.

गुण त्या सत्रात वाढले नाहीत, आणि तसं होईल हे मी आईला आधीच सांगितलं होतं. मात्र रोज सकाळी पोट दुखणं, शाळेला जायलाच नकार, जेवणखाण सुटणं किंवा जगण्यात अर्थ नाही असं बोलणं दिसलं, तर वाट पाहू नका, लगेच डॉक्टरांकडे न्या.

उशिराच्या बससाठी त्या मार्गावरच्या सगळ्या गावांच्या पालकांनी मिळून अर्ज दिलाय. एकट्या आईचं कोणी ऐकलं नसतं. आठवड्यातून दोन दिवस जरी ती बस सुटली, तरी मुलीला नाटकाच्या तालमीला थांबता येईल.