माइनक्राफ्टमध्ये मोड बदलायचा कसा? वाचकांचे प्रश्न, ताईची उत्तरं

या वेळी आलेल्या पत्रांत माइनक्राफ्टच माइनक्राफ्ट आहे, सुट्ट्या लागल्यात त्यामुळे असणारच, आणि जवळजवळ सगळ्यांचा प्रश्न फिरून एकाच जागी येतो की कमांड देऊन (म्हणजे गेमला टाइप करून हुकूम देऊन) एका मोडमधून, म्हणजे खेळायच्या पद्धतीतून, दुसऱ्यात कसं जायचं, सर्व्हायव्हलमधून (जिथे सगळं स्वतः मिळवायचं) क्रिएटिव्हमध्ये (जिथे ब्लॉक फुकट) कसं जायचं आणि परत कसं यायचं. सगळ्यांसाठी एक गोष्ट आधीच सांगते. कमांड मी इथे आपल्या लिपीत लिहितेय, गेममध्ये ती इंग्रजी छोट्या अक्षरांत टाइप करायची. सुरुवातीला तिरकी रेघ म्हणजे स्लॅश, मग गेममोड हा शब्द सलग, मधे स्पेस नाही, आणि त्यानंतर एक स्पेस सोडून मोडचं नाव. म्हणजे /गेममोड क्रिएटिव्ह, किंवा परत यायला /गेममोड सर्व्हायव्हल. बस, एवढीच कमांड आहे, अडचणी सगळ्या तिच्या आजूबाजूला आहेत.

ताई, माझा मुलगा चौथीत आहे, फोनवर माइनक्राफ्ट खेळतो. मित्राने त्याला सांगितलं की कमांड टाकली की सगळे ब्लॉक फुकट मिळतात. हा टाइप करतो पण लाल अक्षरं येतात. सेटिंगमध्ये चीट्स म्हणून एक बटण दिसतं ते ऑन करू का? नाव वाचून भीती वाटते, फोन हॅक वगैरे तर नाही ना होणार? – एक आई, सुदामा नगर

फोनला काहीही होत नाही, अगदी निश्चिंत राहा. हे बटण गेम बनवणाऱ्या मोजँग कंपनीनेच दिलंय आणि ते फक्त त्या एका वर्ल्डपुरतं, म्हणजे गेममध्ये बनवलेल्या त्या एका जगापुरतं, चालतं. लाल अक्षरं येतात ती याच कारणाने, चीट्स बंद असतील तर गेम कमांड ऐकतच नाही.

पण ऑन करायच्या आधी एक मिनिट थांबा, कारण फोनवर जी आवृत्ती चालते, बेडरॉक, तिच्यात एक मोठी अट आहे. एकदा चीट्स ऑन केले की त्या वर्ल्डमध्ये अचीव्हमेंट्स, म्हणजे काही करून दाखवलं की मिळणारी शाबासकीची पदकं, मिळणं कायमचं बंद होतं, आणि नंतर बटण परत ऑफ केलं तरी ते सुरू होत नाही. कमांड न वापरता सेटिंगमधून क्रिएटिव्ह केलं तरी तेच. गेम तशी सूचना दाखवतो खरं, पण मुलं ती वाचतात थोडीच, ओके दाबून मोकळी होतात, आणि मग महिनाभराने रडारड होते की मित्राला अचीव्हमेंट मिळाली मला का नाही.

म्हणून असं करा. वर्ल्डच्या यादीत त्या वर्ल्डच्या नावाशेजारी पेन्सिलचं चिन्ह आहे, ते दाबलं की सेटिंग उघडते, तिथे वर्ल्ड कॉपी करायचा पर्याय मिळेल. कॉपी करा, कॉपीला वेगळं नाव द्या म्हणजे गोंधळ नको, आणि चीट्स फक्त त्या कॉपीत ऑन करा. मूळ वर्ल्डला हात लावू नका. मग गेममध्ये वरच्या बाजूला चॅटचं चिन्ह असतं, ते दाबून कमांड टाइप करायची. बेडरॉकमध्ये पूर्ण शब्द लिहायचा कंटाळा आला तर क्रिएटिव्हसाठी नुसतं सी आणि सर्व्हायव्हलसाठी एस चालतं, लहान मुलांना हे बरं पडतं, स्पेलिंग चुकत नाही.

आणि हे मनापासून सांगते, मोड बदलायला बाहेरून काहीही डाउनलोड करावं लागत नाही. कोणी "फ्री क्रिएटिव्ह"ची फाइल पाठवली किंवा एखाद्या व्हिडिओखाली लिंक दिसली तर ती उघडू देऊ नका, तुम्हाला व्हायरसची भीती वाटते ना, ती तिथे खरी आहे.

तुम्ही विचारलं नाहीये तरी लिहिते, क्रिएटिव्ह खेळणं म्हणजे आळस असं मुलाला म्हणू नका. सर्व्हायव्हलमध्ये लाकूड तोडा, कुदळ बनवा, दगड काढा, मग लोखंड शोधा, भूक सांभाळा, यात धीर शिकायला मिळतो. क्रिएटिव्हमध्ये भूक नाही, मरण जवळजवळ नाही, उडता येतं, तिथे पोरं मनातलं घर अख्खं उभं करतात. दोन्ही खरे खेळ आहेत. त्याला एवढंच विचारा की आज तुला काय करायचंय, आणि त्याप्रमाणे वर्ल्ड निवडू दे.

लॅपटॉपवर जावा एडिशन आहे. जुन्या व्हिडिओत बघून /गेममोड १ टाकतो तर एरर येतो. व्हिडिओत तर चालतंय. – इंजिनिअरिंगचा विद्यार्थी, विजय नगर

व्हिडिओ जुना आहे म्हणून. आधी ० म्हणजे सर्व्हायव्हल, १ क्रिएटिव्ह, २ ॲडव्हेंचर (फिरायचं, ब्लॉक फोडायचे नाहीत) आणि ३ स्पेक्टेटर (नुसतं बघत फिरायचं) असे आकडे चालायचे. २०१८ मध्ये १.१३ आवृत्ती आली तेव्हा जावामध्ये, म्हणजे कॉम्प्युटरवरच्या या आवृत्तीत, आकडे आणि एका अक्षराची शॉर्टकट दोन्ही गेली, आता पूर्ण नावच लागतं.

तुझ्याकडे कीबोर्ड आहे तर टाइप करायचीही गरज नाही. एफ३ दाबून ठेव आणि एफ४ दाबत राहा, चारही मोडची छोटी पट्टी येते, हवा तो मोड आला की एफ३ सोड. १.१६ पासून हे आहे. बऱ्याच लॅपटॉपवर सोबत एफएन पण दाबावं लागतं. मात्र यालाही कमांडची परवानगी लागतेच, आणि वर्ल्ड बनवताना ती दिली नसेल तर एस्केप दाबून ओपन टू लॅनमध्ये जा, तिथे चीट्स ऑन करून वर्ल्ड सुरू कर (नव्या आवृत्तीत त्याच जागी अलाऊ कमांड्स असं लिहिलेलं दिसेल, गोष्ट तीच). ही परवानगी वर्ल्डमधून बाहेर पडेपर्यंतच राहते, म्हणून निघण्याआधी आठवणीने सर्व्हायव्हलमध्ये परत ये, नाहीतर पुढच्या वेळी क्रिएटिव्हमध्येच अडकून बसशील. जावामध्ये चीट्समुळे ॲडव्हान्समेंट्स (तिथल्या अचीव्हमेंट्सच) बंद होत नाहीत, ती वरची अट बेडरॉकची.

क्रिएटिव्हमधून सर्व्हायव्हलमध्ये आलो की माझा प्लेअर मरतो. दोन वेळा सगळं सामान गेलं. – सातवीतला वाचक, रामबाग

तू उडत असताना कमांड देतोयस बघ. सर्व्हायव्हल सुरू झालं की उडणं त्याच क्षणी बंद, मग जितक्या उंचीवर असशील तिथून खाली. स्पेक्टेटरमधून परत येताना आणखी वेगळा धोका आहे, त्या मोडमध्ये आपण भिंतीतून, जमिनीतून आरपार जातो, आणि दगडाच्या आत असताना सर्व्हायव्हल केलंस तर तिथेच गुदमरशील. म्हणून आधी उघड्या जागी ये, पाय जमिनीला टेकव, मग कमांड दे.

मेलास तरी घाबरून वर्ल्ड बंद करू नको, पडलेलं सामान साधारण पाच मिनिटं तिथे राहतं, पळत जाऊन उचल. आणि क्रिएटिव्हमध्ये घेतलेल्या वस्तू सर्व्हायव्हलमध्येही तुझ्याजवळ राहतात हे माहीत आहे ना? त्याचा मोह होतो, पण मला वाटतं सर्व्हायव्हलच्या वर्ल्डमध्ये हिरे असे घेतलेस की खाणीत उतरायची मजाच जाते. ते तुझं तू ठरव.

मी सुट्टीत मुलांसाठी मराठीचे वर्ग घेते. मोठ्या मुलांनी मिळून माइनक्राफ्टमध्ये आपला इंदूरचा होळकरांचा राजवाडा बांधलाय, फार सुंदर झालाय. आता लहान मुलांना तो आत फिरून दाखवायचाय, पण मागच्या वेळी पाच मिनिटांत अर्धी भिंत खोदली. काय करू? – एक शिक्षिका, लोकमान्य नगर

तुमचं पत्र वाचून इतका आनंद झाला की काय सांगू. राजवाड्याचे सात मजले, खालचे तीन दगडी आणि वरचे चार लाकडी, हे मुलांनी पुस्तकात वाचलं असतं तर विसरली असती, स्वतः ब्लॉक निवडून रचलं म्हणजे आता जन्मभर लक्षात राहणार. हे काम जपायलाच हवं.

तुम्हाला हवा तो मोड ॲडव्हेंचर. यात मुलं चालू शकतात, पायऱ्या चढू शकतात, दारं उघडू शकतात, पण ब्लॉक फोडता येत नाहीत आणि ठेवताही येत नाहीत. सगळ्यांना एकदम बदलायचं असेल तर कमांडच्या शेवटी स्पेस देऊन ॲटचं चिन्ह आणि त्याला चिकटून ए लिहायचं, म्हणजे त्या क्षणी गेममध्ये जेवढे आहेत तेवढे सगळे ॲडव्हेंचरमध्ये जातात. पण लक्षात घ्या, त्यात तुम्हीसुद्धा आलात, म्हणून लगेच स्वतःसाठी परत /गेममोड क्रिएटिव्ह द्या. आणि जी मुलं उशिरा येतील त्यांच्यावर ही कमांड लागू होत नाही, त्यांच्यासाठी /डीफॉल्टगेममोड ॲडव्हेंचर आधीच देऊन ठेवा. ती मात्र नव्याने पहिल्यांदा येणाऱ्यांनाच लागते, जे पोर आधी त्या वर्ल्डमध्ये सर्व्हायव्हल खेळून गेलंय ते सर्व्हायव्हलमध्येच परत येऊ शकतं, त्यामुळे सगळी जमली की पहिली कमांड पुन्हा एकदा द्याच. लहानांना ऑपरेटरचा, म्हणजे कमांड द्यायचा, अधिकार देऊ नका, नाहीतर एखादं हुशार कार्टं स्वतःच मोड बदलून घेईल.

ॲडव्हेंचरमध्ये एकमेकांना मारता येतं हे बऱ्याच जणांच्या लक्षात येत नाही, म्हणून खेळाडूंची आपसातली मारामारी सेटिंगमधून बंद करा आणि /डिफिकल्टी पीसफुल द्या, म्हणजे क्रीपर (जवळ येऊन फुटणारा गेममधला राक्षस) येऊन दरवाजा उडवणार नाही. आणि आग! १९८४ च्या आगीत आपला खरा राजवाडा किती जळला ते इंदुरात कोणाला सांगायला नको, गेममध्येही लाकूड जळतं आणि मोड कुठलाही असो, आग पसरतेच. मुलांनी शोभेसाठी चुलीत आग किंवा कुठे लाव्हा ठेवला असेल तर वरचे चार मजले जायला वेळ लागणार नाही. आग पसरण्याचा पर्याय वर्ल्डच्या सेटिंगमध्ये आहे, तो आधी बंद करा.

वरून चौक दाखवायचा असेल तर थोडा वेळ सगळ्यांना स्पेक्टेटर करा, मुलं भिंतीतून आरपार जाऊन मजल्यांची रचना आतून बघतील, लाकूड कुठे सुरू होतं ते त्यांना आपोआप दिसेल. परत ॲडव्हेंचर करताना सगळ्यांना आधी चौकात बोलवा. बेडरॉकमध्ये स्पेक्टेटर उशिरा, २०२२ च्या शेवटी आला, तेव्हा टॅबवरचा गेम जुना असेल तर अपडेट करून घ्या. आणि वर्गाआधी वर्ल्डची कॉपी, हे तुम्हाला तर दोनदा सांगते.

भाच्याचं हार्डकोअर (एकदा मेलं की खेळ संपला) वर्ल्ड होतं, जावावर, कित्येक महिने खेळत होता, काल मेला आणि जेवायला पण तयार नाही. कमांडने परत जिवंत होतो का? – एक मामा, तिलक नगर

होतो. मेल्यावर त्याने वर्ल्ड डिलीट केलं नसेल तर तो स्पेक्टेटर होऊन त्यात जाऊ शकतो. तिथून वर सांगितलं तसं ओपन टू लॅन, चीट्स ऑन, आणि मोकळ्या जमिनीजवळ येऊन /गेममोड सर्व्हायव्हल. झालं.

पण मामा, ही कमांड तुम्ही स्वतःहून टाकू नका. हार्डकोअर निवडणाऱ्या पोराने एकच जीव हे कबूल करून खेळ मांडलेला असतो, त्याच्या नकळत जिवंत केलंत तर त्याच्या एवढ्या महिन्यांच्या मेहनतीची किंमत तुम्हीच कमी कराल. त्याला सांगा की असा रस्ता आहे, आणि निवडू द्या. कदाचित तो म्हणेल की नको, मला नुसतं स्पेक्टेटरमध्ये फिरून माझं घर बघायचंय, मग बसा त्याच्या शेजारी आणि बघा त्याने काय काय बांधलं होतं. काही ठरेपर्यंत वर्ल्डच्या यादीत एडिट दाबून बॅकअप तेवढा आजच घेऊन ठेवा.