लॉर्नाची गाणी गायची असतील तर आधी ट्रम्पेट ऐका

तुम्ही विचारलंय: नाट्यगीतं शिकलेली आहे, कोंकणी घरात बोलतो, फोंड्याच्या एका कार्यक्रमात बँडबरोबर लॉर्नाची दोन गाणी गायची आहेत. तयारी कशी करू, आणि त्यांच्याविषयी काय माहीत असावं?

कोंकणी गायिका लॉर्ना कोर्देरो गोव्याच्या म्हणून ओळखल्या जातात, पण त्यांचा आवाज घडला मुंबईत. चर्चगेटजवळच्या ॲस्टोरिया हॉटेलातल्या 'व्हेनिस'मध्ये त्या ख्रिस पेरींच्या बँडबरोबर गात. पेरी (1928–2002) मडगावचे, स्वतः ट्रम्पेट आणि सॅक्सोफोन वाजवणारे. 'बेबदो', 'पिसो', 'नाचों-या कुंपासार' ही लॉर्नांनी गायलेली गाणी सगळी पेरींनी रचलेली. पुढे दोघं वेगळे झाले आणि लॉर्ना कित्येक वर्षं गायल्याच नाहीत. 1995 मध्ये पणजीच्या मिरामारला त्या पुन्हा मंचावर उभ्या राहिल्या. 'नाचों-या कुंपासार' याच नावाचा सिनेमाही आहे, तो जरूर पाहा, पण ते चरित्र समजू नका. त्यातली पात्रं या दोघांवरून सुचलेली आहेत, एवढंच.

लॉर्नाच्या गाण्यात ट्रम्पेटचा तुकडा म्हणजे रिकामी जागा भरणं नव्हे. तो गायिकेच्या ओळीला उत्तर देतो. नाट्यगीताची सवय असलेला गळा नेमका तिथेच मुरकी घेतो किंवा शेवटचा स्वर लांबवतो, आणि दोघांची टक्कर होते. म्हणून पहिले चार-पाच दिवस शब्द बाजूला ठेवा, फक्त ट्रम्पेट गुणगुणा. तो कुठे शिरतो हे पाठ झालं की आपण कुठे थांबायचं ते आपोआप कळतं.

दुसरी अडचण समेची. आपला कान पहिल्या मात्रेकडे धावतो. स्विंगमध्ये, म्हणजे जॅझच्या झुलत्या लयीत, मात्र टाळी दुसऱ्या आणि चौथ्या मात्रेवर. प्रत्येक मात्रेचे मनात तीन भाग करा, मात्रेतला पहिला स्वर दोन भागांचा, दुसरा एका भागाचा. समान पाडले की गाणं कवायतीसारखं वाजतं. चा-चा-चा या लॅटिन नाचाची लय वेगळी: तिथे मात्रेचे दोन समान भाग, आणि 'चा-चा-चा' पडतं ते चौथी, तिचा अर्धा आणि पुढची पहिली, असं. मेट्रोनोम 110 वर लावून सुरुवात करा. 130 च्या पुढे गेलात की व्यंजनं गिळली जातात, आणि लॉर्नाचा ठसका व्यंजनातच आहे.

पट्टी बँडला विचारल्याशिवाय ठरवू नका. पांढरी तीन (ई) मागितलीत तर बी फ्लॅट ट्रम्पेटवाल्याला सहा शार्पच्या अवघड पट्टीत वाजवावं लागतं. अर्ध्या स्वरानं वर, पांढरी चार (एफ) घेतलीत तर एकाच शार्पमध्ये. काळी पाच आणि काळी दोनही त्यांना सोयीच्या. तालमीत सूर घसरतात तेव्हा पुष्कळदा दोष वादकाचा नसतो, अशा पट्टीचा असतो.

शब्द इंटरनेटवर रोमी लिपीत, म्हणजे रोमन अक्षरांत लिहिलेल्या कोंकणीत, मिळतील. तिथे एक्स म्हणजे श, दोन एल म्हणजे ळ, एक टी म्हणजे त, दोन टी म्हणजे ट. शब्दाच्या शेवटचा एम हा बहुधा नुसता अनुनासिक. 'नाचोम' म्हणालात तर समोरच्या रांगेतल्या बायका लगेच ओळखतील. देवनागरीत स्वतःच्या हातानं उतरवून घ्या आणि अर्थ लावत जा. 'पिसो' म्हणजे आपल्या अभंगांतला पिसा, 'बेबदो' म्हणजे बेवडा. 'कुंपास' पोर्तुगीज कोंपासोवरून आलेला, म्हणजे ताल.

माइक ओठांपासून चार बोटं, वरच्या स्वराला वीतभर लांब. ट्रम्पेटवाल्यांना तुमच्या पाठीशी सरळ उभं करू नका, त्यांचा आवाज तुमच्या माइकमध्ये शिरतो. दोन मीटर बाजूला, तुमच्याकडे किंचित वळलेले असू देत. तुम्हाला त्यांचा श्वास दिसला पाहिजे, कारण पुढचा तुकडा कधी येणार ते त्यावरूनच समजतं.