आजोबांची रिळं, आजीचा आवाज

प्रश्न : आजोबांनी १९७२-७५ च्या सुमारास घेतलेली सुपर ८ ची (घरगुती कॅमेऱ्याची ८ मिलिमीटर फिल्म) पाच रिळं आणि प्रोजेक्टर माळ्यावर सापडला. आजी ८४ वर्षांची आहे. यावरून घराबद्दल वीसेक मिनिटांची फिल्म करायची आहे. सुरुवात कुठून करू?
– एक वाचक, चिपळूण

उत्तर : आजीपासून, आणि तिला रिळं दाखवायच्या आधी. एकदा पडद्यावरचं चित्र पाहिलं की माणूस त्याचंच वर्णन करू लागतो, मनातलं मागे पडतं. म्हणून पहिलं रेकॉर्डिंग काहीही न दाखवता करा. ‘जुन्या आठवणी सांग’ म्हटलंत तर घरात शंभरदा ऐकलेले किस्सेच मिळतील. ‘स्वयंपाकघरात शिरलं की उजव्या हाताला काय होतं?’, ‘कॅमेरा कुठे ठेवायचे?’ असं विचारा. ती गप्प झाली तर तुम्हीही गप्प राहा, खरं बोलणं बहुधा त्यानंतर येतं.

कॉलर माइक हनुवटीखाली वीतभर अंतरावर लावा, पण पदर त्यावर घासू देऊ नका. ती खरखर नंतर धड निघत नाही. रेकॉर्डरवर ध्वनीची प्रत ४८ किलोहर्ट्झ, २४ बिट ठेवा, आवाजाची कमाल पातळी उणे १२ डेसिबलच्या आसपास. पंखा, फ्रिज बंद. शेवटी मिनिटभर नुसत्या खोलीची शांतता रेकॉर्ड करा, एडिटिंगमध्ये वाक्यांचे सांधे तिनेच बुजतात.

रिळं प्रोजेक्टरवर मुळीच चढवू नका. जुनी फिल्म आक्रसते, प्रोजेक्टरचे दाते फिल्मच्या कडेच्या भोकांत नीट बसत नाहीत, भोकं फाटतात. मध्येच अडकली तर दिव्याच्या उष्णतेने फ्रेम जळते. डबी उघडून वास घ्या. व्हिनेगरसारखा आंबट आला तर अॅसिटेट (फिल्मच्या पट्टीचं प्लास्टिक) कुजू लागलंय. ते रीळ वेगळं ठेवा, कारण त्याची वाफ शेजारच्या रिळांनाही लागते, आणि स्कॅनिंगला तेच आधी द्या. कोकणातल्या दमट हवेत बुरशीही असेल. ती ओल्या फडक्याने पुसू नका, इमल्शन, म्हणजे चित्र धरून ठेवणारा थर, सुटून येतं.

स्कॅन फ्रेमगणिक करून घ्या, निदान २के (सुमारे दोन हजार पिक्सेल रुंद). भिंतीवर पाडून त्याचं शूटिंग करून देणाऱ्यांकडे जाऊ नका, चित्र लुकलुकतं. ५० फुटी रिळात ३६०० फ्रेम असतात. सेकंदाला १८ च्या वेगाने ३ मिनिटं २० सेकंद होतात. २४ ने चालवलं तर अडीच मिनिटांत संपतं आणि माणसं तुरुतुरु पळतात. पाचही रिळं ५० फुटी असतील तर हाती जेमतेम पावणेसतरा मिनिटं, म्हणजे फिल्म आजीच्या आवाजावरच उभी राहणार.

मग स्कॅन तिला दाखवत दुसरं रेकॉर्डिंग करा. दोन्हींत तफावत आली तर दोन्ही ठेवा, फिल्मचा गाभा तिथेच आहे. मात्र ती ‘साडी हिरवी होती’ म्हणाली आणि रिळात लालसर दिसली, तर तिला चुकीचं ठरवू नका. अनेक रंगीत फिल्ममधला निळसर रंग आधी उडतो आणि सगळंच तांबूस होतं.

प्रश्न : पार्श्वसंगीताला जुनं चित्रपटगीत चालेल का?

उत्तर : परवानगीशिवाय नको. ध्वनिमुद्रणावरच्या कॉपीराइटची ६० वर्षं संपली तरी गीतकार आणि संगीतकार यांचे हक्क त्यांच्या मृत्यूनंतर ६० वर्षं राहतात. आजीलाच एखादी ओवी म्हणायला सांगा.