गनबो स्ट्रीट: ना बंदूक, ना धनुष्य

मुंबईच्या कोटातील जुन्या गनबो स्ट्रीटचे (आताच्या रुस्तम सिधवा मार्गाचे; इंग्रजीत जी-यू-एन-बी-ओ-डब्ल्यू) नाव मराठीत ‘गनबो’ असे जोडून लिहावे की ‘गन बो’ असे तोडून, असे एका वाचकाने विचारले आहे. इंग्रजांच्या लष्कराची येथे शस्त्रे असत, म्हणून बंदूक आणि धनुष्य यांवरून हे नाव पडले, असेही त्यांच्या ऐकण्यात आले आहे. ही शस्त्रागाराची कथा किल्ल्याची सफर घडवणारे पुन्हा पुन्हा सांगतात आणि ऐकणारे माना डोलावतात; परंतु अठराव्या शतकातील इंग्रजी फौज धनुष्ये कशाला बाळगील, हा साधा प्रश्न कोणालाच पडत नाही.

हे नाव गणबाशेट या व्यापाऱ्याचे आहे. अठराव्या शतकाच्या पूर्वार्धात कोकणातून मुंबईत आलेल्या मुरकुटे घराण्यातील हे गृहस्थ. नाना शंकरशेट (१८०३–१८६५) त्यांच्याच वंशातले. त्या घराण्याचा ‘शेट’ पुढे नानांच्या नावात आडनावासारखा टिकला, रस्त्याच्या नावातून मात्र गळाला.

‘गण’चा ‘गन’ का झाला, हे सांगण्यास फार शब्द नकोत. आखूड ‘अ’साठी इंग्रज लेखनिक सर्रास ‘यू’ हे अक्षर वापरीत. बंदर, गंगा, गणपतराव या सर्वांच्या जुन्या इंग्रजी रूपांत ते दिसते. तेव्हा जी-यू-एन ही अक्षरे बंदुकीची नसून गणपतीची आहेत.

खरी गंमत ‘बो’मध्ये आहे, आणि गणबाशेटांचे नाव सांगून थांबणारे जाणकार नेमके येथेच आळस करतात. शेवटी नुसता ‘बा’ असता, तर लेखनिकाने बी-ए एवढे लिहून काम भागवले असते. ओ-डब्ल्यू ही अक्षरे आली कोठून? त्या काळच्या इंग्रजी कागदांत ‘राव’ हा आर-ओ-डब्ल्यू असा लिहिलेला आढळतो आणि सदाशिवराव भाऊंचा ‘भाऊ’ही ओ-डब्ल्यूनेच संपतो. म्हणून माझे मत असे की, रस्त्यावर लोकांच्या तोंडी ‘गणबा’ नव्हे, तर ‘गणबाव’ किंवा ‘गणभाऊ’ असे हाकेचे, सलगीचे रूप असावे आणि लेखनिकाने जे ऐकले ते इमानाने टिपले असावे. याला लेखी पुरावा नाही, हे मान्य. परंतु शस्त्रागाराच्या कथेलाही तो नाही आणि माझ्या तर्काला निदान लेखनपद्धतीचा आधार आहे. शिवाय बी-ओ-डब्ल्यू या अक्षरांचे इंग्रजीतच दोन उच्चार आहेत: धनुष्याचा ‘बो’ आणि नमस्काराच्या वाकण्याचा ‘बाउ’. पुढच्या पिढ्यांनी दुसरा सोडून पहिला उचलला आणि एका मराठी शेटजींच्या हाती धनुष्य दिले. पालव्याच्या बंदराचा ‘अपोलो’ करून तेथे ग्रीक देव बसवला गेला, त्यातलाच हा प्रकार.

राहिला लेखनाचा प्रश्न. ‘गनबो’ हे जोडूनच लिहावे, कारण ते एकाच माणसाचे नाव आहे. ‘गणबो’ असे अर्धवट शुद्धीकरण मात्र करू नये. शुद्ध करायचेच असेल, तर सरळ ‘गणबाशेट रस्ता’ लिहावे.